उन्हात वाढलेला दगड

नांदेड,
६ एप्रिल २०२५

अक्का, शरणार्थ.

पाकिटावरचं अक्षर ओळखलं नसशील तर सांगतो. मीच, रविकिरण, तुझ्या मावशीचा वाया गेलेला पोरगा. माझा फोन गोदावरीत पडला. घाटाच्या पायरीवरचा एक डाग बघायला वाकलो आणि फोन खिशातून सरळ पाण्यात. सगळे नंबर त्याच्यासोबत गेले. आता नंबर पाठ कुणाला असतात? मला आईचासुद्धा येत न्हाई. आणि तुझा फोन मृत्युंजयदादा उघडून बघतो हे तू दिवाळीत सांगितलं होतंस, म्हणून हे पत्र तुझ्या शिलाईच्या दुकानावर.

डाग कसला ते सांगतो. लातूरचे क्लास सोडल्यावर मी काय काय केलं ते तुला माहीतच आहे. मंडपवाल्याकडं होतो ते माहीत नसेल, त्यात एक घोडा आहे, ते पुढं कधीतरी. सध्या इथल्या एका कॉलेजातल्या पुनम मॅडमची पिशवी उचलतो. पिशवीत एक भिंग, एक पट्टी आणि पाण्याची फवारणीची बाटली. मॅडम झाडांवरचे आणि दगडांवरचे डाग बघत हिंडतात. पहिल्या दिवशी मला वाटलं, बाईचं काहीतरी बिनसलंय. मग त्यांनी आंब्याच्या खोडावर फवारा मारला आणि भिंग माझ्या डोळ्याला लावलं. राखाडी खपली होती, ती बघता बघता हिरवी झाली. अक्का, मी दचकून मागं सरलो. ते जिवंत होतं. आपण जन्मभर ज्याला भिंतीची घाण म्हणून खरवडत आलो, ते जिवंत हाय.

आपण काळ्या मसाल्यात दगडफूल टाकतो ना, हे सगळे त्याच खानदानातले. एक बुरशी आणि एक शेवाळ मिळून संसार करतात. एक घर बांधतं, दुसरं त्यात रांधतं. हवा घाण झाली की हा संसार मोडतो. स्टेशनच्या रस्त्यावरचे कडुलिंब बघ, खोडं कोरी. तिकडं गावाबाहेर विष्णुपुरीच्या बाजूला गेलं की त्याच लिंबावर ठिगळंच ठिगळं. मॅडम म्हणतात, हवा तपासायला यंत्र नको, खोडाकडं बघा.

आणि मला एकदम तुमच्या मागच्या अंगणातली भिंत आठवली. मिक्सर आल्यावर शरणम्मा मावशीनं पाटा-वरवंटा तिथं टाकला होता. त्या वरवंट्यावर नारंगी डाग होता, आठवतो का? तू म्हणायचीस, दगडाला गोवर आलाय. जा आणि त्याच्यावर पाणी मारून बघ. नुसतं बघ.

तुझा,
रविकिरण


निलंगा,
१५ एप्रिल

रव्या,

पोस्टमननं पत्र हातात दिलं आणि उभाच राहिला. म्हणाला, "ताई, कुणी वारलं का?" आजकाल हातानं लिहिलेलं पाकीट आलं की लोकांना हेच वाटतं.

वरवंट्याला पाणी मारलं. खरंच रंग खुलला रे. तो नाण्याएवढा नारंगी तर पेटल्यासारखा झाला, शेजारचा राखाडी हिरवट झाला. मी तिथंच बसून राहिले. आई गेल्यापासून त्या वरवंट्याला कुणी हात लावला नव्हता. मीसुद्धा नाही.

इकडं दादानं शेत विकायचं ठरवलंय, त्याचे प्लॉट पडणार. त्याला माझी हरकत नाही, शेती दोघांनाही झेपत नाही. पण प्लॉटकडं जाणारा रस्ता आईच्या समाधीवरून जातो. तुला आठवत असेल, तिला शेताच्या कोपऱ्यातच माती दिली. वर चार दगड, बाकी काही नाही. मी म्हणाले, रस्ता थोडा सरकव. दादा म्हणाला, "अक्के, शेतातल्या समाध्या एक दिवस नांगराखाली जातातच. आई शिवात मिळाली, ती काय तिथं बसून राहिलीय?"

अप्पा ऐकत होते. स्वतःचं दुकान सोडल्यापासून ते तसेही कमी बोलतात, पण या गोष्टीवर गप्प बसतील असं वाटलं नव्हतं.

तुझा डाग छान आहे. जेवण वेळेवर करत जा.

अक्का (शिवकन्या)


नांदेड,
२४ एप्रिल

अक्का, शरणार्थ.

तुझं पत्र मॅडमना वाचून दाखवलं, वरवंट्यापुरतं. लई खूश झाल्या. त्या म्हणाल्या, दगडाला चिकटून बसणारी ही जात भयंकर सावकाश वाढते, नाण्याएवढं व्हायला दहा-बारा वर्षं खाते. म्हणजे तुझा तो डाग मावशी गेल्याच्या आसपास सुरू झाला असणार. एवढी वर्षं आपण लग्नं केली, भांडलो, नापास झालो, आणि तो तिथं बसून केसाएवढा, केसाएवढा पसरत राहिला.

आता माझी नजरच बिघडलीय. रस्त्यानं चालताना माणसं दिसत न्हाईत, फक्त खोडं. काल एका चहावाल्याच्या ओट्यावर पिवळं ठिगळ दिसलं म्हणून गुडघ्यावर बसलो, तर तो म्हणाला, "काय हरवलं बाबा? चावी का?" मी म्हणालो, "न्हाई, सापडलं." तेव्हापासून तो मला चहा देताना जपून देतो.

ओळखायचं कसं तेही सांगतो. नख लावलं आणि निघालं न्हाई तर खरपुडीची जात. कडा उचलल्या गेल्या तर पापुद्र्याची. दाढीसारखी लोंबणारी जात आपल्याकडं होत न्हाई, तिला गारवा लागतो.

प्लॉटचं वाचलं. दादाला म्हणावं, रस्ता रुंद ठेव, आणि कडेला आंबे लाव. आंब्याच्या खोडावर हे लवकर धरतं.

तुझा,
रविकिरण


निलंगा,
२० मे

रव्या,

तुझं पत्र वाचून राग आला होता, म्हणून उत्तर दिलं नाही. तू आंबे लावायला निघालास. असो.

इथं एक आक्रीत घडलं. सोमवारी रामलिंगचा जेसीबी शेतात आला. कोपऱ्यापासून सुरुवात करायची होती. पहिल्याच फावड्याला माती सरकली आणि खालून लिंग वर आलं. काळा, गोल माथा, अगदी उभा. रामलिंगनं यंत्र बंद केलं, खाली उतरला, चपला काढल्या आणि दादाला म्हणाला, "मालक, माझ्यानं होणार न्हाई. मला लेकरंबाळं हायत."

दुपारपर्यंत अर्धं निलंगा शेतात. गल्लीतल्या धुरपताबाई नारळ घेऊन आल्या. त्या म्हणाल्या, राखाडी डाग म्हणजे विभूती आणि नारंगी म्हणजे अंगार, लिंग आपलं रूप घेऊनच आलंय. दादा डोक्याला हात लावून बसला. "गळ्यात लिंग घालून हिंडणारी माणसं आपण, आपल्याला जमिनीतलं कशाला पाहिजे?" असं म्हणाला, पण त्यानंही चपला काढल्या होत्या. अप्पा पुढं गेले, लिंगावरून हात फिरवला, आणि मागं येऊन उभे राहिले.

रस्त्याचं काम थांबलंय. फोटो स्टुडिओवाला फोटो छापून विकतोय, एक पाठवते.

अक्का


नांदेड,
२७ मे

अक्का,

शरणार्थ वगैरे नंतर. आधी बस.

फोटो बघितला. फुलं, विभूती, बेलपानं, सगळं झाकलेलं, पण एका बाजूला नारंगी डाग स्वच्छ दिसतो. मी तो भिंगाखाली धरला. मग मॅडमना दाखवला. मॅडमनी चष्मा काढला, परत घातला, आणि विचारलं, "हे जमिनीखालून निघालं असं कोण म्हणतं?"

अक्का, हे जमिनीखाली जगू शकत न्हाई. त्यातल्या शेवाळाला ऊन लागतं, उन्हावरच त्याची चूल पेटते. मातीत गाडलं की ते फिकं पडतं, कुजतं, गळून जातं. आणि हा डाग बघ, कडेपर्यंत ताजा. हा दगड वर्षानुवर्षं उघड्यावर उन्हात वाढलाय आणि फार तर आठवडाभर मातीत राहिलाय. कुणीतरी तो नेऊन पुरला. अर्धं निलंगा ज्याच्या पाया पडून राहिलं, तो दगड एप्रिलमध्ये कुठंतरी ऊन खात बसला होता.

मला रात्रभर झोप न्हाई. कुणी केलं असेल? मग डोक्यात उजेड पडला. दादा. अक्का, दादानंच केलं. लातूरला मी डोळ्यांनी बघितलंय, मंदिराजवळचा प्लॉट लोक हसत हसत जास्त देऊन घेतात. डोक्याला हात लावून बसला म्हणे. नाटक सगळं.

मी गप्प बसणारा न्हाई. कालच दादाला सविस्तर पत्र टाकलं, घरच्या पत्त्यावर. ऊन, शेवाळ, बुरशी, सगळं समजावून. हेही लिहिलं की पटत नसेल तर फुलं काढ, पाणी मार, डाग खुलेल. खुलला म्हणजे जिवंत, आणि जिवंत म्हणजे मातीतला न्हाई. बघू आता काय उत्तर देतो.

तुझा,
रविकिरण


निलंगा,
२ जून

रवी,

दादा नाही. मी.

तो आईचा वरवंटा आहे. तू म्हणालास म्हणून मी त्याला पाणी मारायला गेले, हातात घेतला, आणि उभा धरल्यावर मला तो तसा दिसला. भर दुपारी, सगळे नळेगावच्या लग्नाला गेले होते तेव्हा, कोपऱ्यात खड्डा करून उभा पुरला. वर चार बोटं माती. देवाच्या नावानं खोटं बोलले, ते मला माहीत आहे. पण आईच्या अंगावरून डंपर जाणार होते आणि माझं ऐकणारं घरात कुणी नव्हतं. मी कुठं एक शब्द बोलले? जेसीबीनं काढला, लोकांनी हात जोडले. मी फक्त कुणाला थांबवलं नाही.

दादाला यातलं काही माहीत नाही. तुझं पत्र अजून आलेलं नाही. पोस्टमनला रोज दुकानात चहा पाजते, पण घरचं टपाल तो माझ्या हातात देत नाही, म्हणतो, नियम आहे.

तुला एवढासा डाग ओळखू आला, आणि वरवंटा ओळखू आला नाही?

काहीतरी कर.

अक्का


उदगीर,
८ जून

अक्का,

तुझं पत्र मी घाटावर वाचलं. परत वाचलं. शेजारी एक सरदारजी कपडे वाळत घालत होते, ते म्हणाले, "बेटा, पानी पी ले." माझा चेहरा तसा झाला असणार.

फोटो अजून खिशात हाय. आता बघतो तर तो वरवंटाच दिसतो, दुसरं काही दिसतच न्हाई. ह्यावर मावशीनं मला शेंगाची चटणी वाटून दिलीय.

पोस्टात पळालो. तिथला माणूस म्हणाला, पेटीत पडलेलं पत्र सरकारचं असतं, आणि तसंही ते केव्हाच गेलं. मग निलंग्याला यायला निघालो. दादाच्या पाया पडायचं, पत्र मागायचं, न्हाई दिलं तर हिसकून गिळायचं, असं ठरवलं होतं. उदगीरला बस बदलायला उतरलो. पुढची गाडी यायला वेळ होता. अक्का, मी सांगू नये, पण तुझ्याशी खोटं बोलणार न्हाई. किल्ल्याच्या भिंती दिसल्या. नुसतं दुरून बघावं म्हणून गेलो. त्या तटावर एवढं मोठं ठिगळ, पांढरं, मध्ये काळे ठिपके, ताटाएवढं. ते किती जुनं असेल याचा हिशोब करत बसलो आणि गाडी गेली.

मठात झोपलो. सकाळी स्टँडवर तुमच्या गल्लीतले चन्नबसप्पा भेटले, बियाणं न्यायला आलेले. मला बघून हसायला लागले. म्हणाले, "ते पत्र तूच लिहिलं व्हय? मृत्युंजय खिशात घालून हिंडतोय. हॉटेलात वाचलं, सोसायटीत वाचलं. रविवारी सगळ्यांना शेतात बोलावलंय, लिंग उपटून दाखवणार म्हणे."

आज रविवार. निलंग्याची गाडी समोर उभी होती. मी पायरीवर पाय ठेवला आणि काढून घेतला. तुझ्या तोंडाकडं बघायची हिंमत न्हाई झाली. हे पत्र टाकतो आणि नांदेडची गाडी धरतो. शिव्या दे, पण पत्रातून दे.

रविकिरण


निलंगा,
१६ जून

रव्या,

शिव्या लिहायला बसले तर कागद पुरणार नाही. काय घडलं तेच सांगते.

रविवारी सकाळी सगळे शेतात जमले. रामलिंगसुद्धा आला होता, या वेळी चपला घालून. दादानं तुझं पत्र मोठ्यानं वाचलं. पहिलं पानभर त्या मंडपवाल्याच्या घोड्याचं निघालं, तेही वाचलं. लोक हसले. पण पुढं ऊन आणि शेवाळ आलं तसे जवळ सरकले.

मग दादानं फुलं बाजूला केली, विभूती पुसली आणि बाटलीतलं पाणी ओतलं. डाग खुलला. सगळ्यांसमोर, पेटल्यासारखा. धुरपताबाईंनी दोन्ही हात कपाळाला लावले, म्हणाल्या, "जागा झाला गं बाई." त्यांच्या मागं सगळ्यांनी हात जोडले. दादा ओरडून सांगत होता की हाच पुरावा आहे, ऐकत कुणीच नव्हतं. शेवटी त्यानं दोन्ही हातांनी धरून हलवला आणि उपटून चिखलात टाकला.

आडवा पडल्यावर तो वरवंटाच होता. लहान पोरालाही कळलं. दादा म्हणाला, "कुणी पुरला हा?" आणि माझ्याकडं बघितलं. मी पुढं झाले.

अप्पा खाली वाकले. उपरण्यानं चिखल पुसला. वरच्या कडेला अंगठा लावून म्हणाले, "ते राहू दे. हा टवका कशाचा, सांग."

दादा वाकून बघायला लागला.

"तुझ्या बारशाला पुरण वाटताना तिच्या हातून पायरीवर पडला होता. ओली बाळंतीण, तरी वाटायला बसली. माझ्या लेकाचं पुरण मीच वाटणार म्हणाली. जेसीबीनं काढला त्या दिवशी हात फिरवला, तेव्हाच बोटाला लागला हा टवका."

"पहिल्या दिवसापासून माहीत होतं? मग बोलला का नाही?"

"तू जेसीबी बोलावताना विचारलं का मला?" अप्पा म्हणाले. मग वरवंट्याकडं बघत, "मी पण बोलायला पाहिजे होतं. दगडाला यावं लागलं."

दादा म्हणाला, "लोक काय म्हणतील अप्पा? वरवंट्याच्या पाया पडून राहिलो आपण."

"जन्मभर याच्या खालचं खाल्लं. पाया पडलो तर काय बिघडलं?"

धुरपताबाई म्हणाल्या, "मग पाटा पण आणा की. एकटा कसा बसंल?" आणि कुणीतरी हसलं. मला वाटतं, दादाच हसला, किंवा रडला. तो पाठ करून उभा होता.

अप्पांनी वरवंटा परत त्याच खड्ड्यात उभा केला. परत येताना मी म्हणाले, "अप्पा, मी..." ते म्हणाले, "माहीत आहे. तुझ्या तळहाताला फोड आले होते. ब्लाउज शिवून तळहाताला फोड येत नाहीत."

दादा माझ्याशी अजून बोलत नाही. पण गुरुवारी रस्त्याच्या खुंट्या सरकलेल्या दिसल्या. कोपरा सोडून, पलीकडून. कुणी सरकवल्या ते मी विचारलं नाही.

देव म्हणून येणारी माणसं आता कमी झालीत. धुरपताबाई मात्र येतात, त्यांना फरक पडत नाही. परवा त्यांनी दूध आणि हळद आणली, तर अप्पांनी हात आडवा धरला. म्हणाले, "नको. तो डाग तिच्यामागं उगवलाय, दुधानं मरेल. रवीच्या पत्रात तसं काही असणार." तुझ्या पत्रात तसं काही नव्हतं. पण अप्पांनी ते दादाकडून मागून घेतलंय आणि घोड्यासकट रोज वाचतात.

काल पाऊस येऊन गेल्यावर अप्पा मला शेतात घेऊन गेले. तुझ्या भिंगाची गोष्ट ऐकून चष्म्यावर चष्मा धरून बघत होते. मग विचारलं, "नुसतं पावसाचं पाणी पुरतं का याला? की वरून अजून काही लागतं?"

मला माहीत नव्हतं. मी म्हणाले, रव्याला विचारते.

तर ये, आणि त्यांना तोंडानं सांग. भिंग आण. उदगीरला किल्ल्याकडं बघू नकोस.

अक्का